आडोशाविना जगज्जेता : सायकलपटू मेजर टेलर

समोरून वारा सुटलेला असताना कधी सायकल हाणली असेल, तर सायकल शर्यतीचं अर्धं शास्त्र तुम्हाला आधीच ठाऊक आहे. मांड्या भरून येतात, दम लागतो आणि रस्ता काही सरत नाही. मग शेजारून एखादा ट्रॅक्टर पुढे जातो, आपण त्याच्या ट्रॉलीमागे लागतो आणि एकदम पायडल हलकं होतं. कुणी मागून ढकललेलं नसतं. समोरचा वारा तेवढा अडलेला असतो.

मार्शल टेलर, ज्याला जग ‘मेजर’ टेलर म्हणून ओळखतं, त्याची कारकीर्द मला या आडोशापासूनच सांगावीशी वाटते. १८९९ साली तो सायकलिंगचा जगज्जेता झाला. कुठल्याही खेळात जगज्जेता झालेला तो दुसरा कृष्णवर्णीय खेळाडू. पहिला होता कॅनडात जन्मलेला मुष्टियोद्धा जॉर्ज डिक्सन. टेलरबद्दल लिहिणारे त्याचा वेग सांगतात आणि त्याने सोसलेला वर्णद्वेष सांगतात. दोन्ही खरं आहे. पण तो वर्णद्वेष शर्यतीच्या आत, चाकाला चाक भिडलेलं असताना, नेमका कसा चालायचा हे कळायचं तर आधी वारा समजून घ्यावा लागतो.

हवेचा विरोध वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वेग दुप्पट झाला की विरोध चौपट. आणि तो चौपट विरोध तोडत दुप्पट वेगाने पुढे जायचं म्हणजे पायांतून आठपट शक्ती काढावी लागते. भाजी आणायला जाताना हवा जाणवत नाही, पण ताशी चाळीस किलोमीटरच्या पुढे सायकलस्वाराची बहुतेक सगळी ताकद हवा बाजूला सारण्यातच जाते. अशा वेळी पुढच्याच्या मागच्या चाकाला अगदी चिकटून चालवणाऱ्याची साधारण तिसऱ्या हिश्श्याची मेहनत वाचते. हा आडोसा किती मोठा असू शकतो ते ३० जून १८९९ रोजी चार्ल्स मर्फीने दाखवून दिलं. न्यू यॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर रुळांच्या मध्ये फळ्या अंथरल्या होत्या. त्यांवरून धावत्या आगगाडीच्या मागे सायकल चालवत त्याने एक मैल ५७.८ सेकंदांत कापला. हा वेग ताशी शंभर किलोमीटर भरतो. पाय माणसाचेच होते, वारा गाडीने अंगावर घेतला होता.

म्हणजे शेवटचे काही मीटर सोडले तर शर्यतीत सगळ्यांत पुढे असणं तोट्याचंच. पुढचा राबतो, मागचा ताकद राखून ठेवतो. म्हणून सायकलस्वार आळीपाळीने पुढे येतात, थोडा वेळ वारा अंगावर घेतात आणि मागे सरकतात. एकमेकांना हरवायला आलेली माणसं तास न् तास एकमेकांना आडोसा देत असतात. आपल्याकडच्या मुंबई-पुणे सायकल शर्यतीतही सपाट रस्त्यावर घोळका एकत्र राहतो. बोरघाट लागला की वेग पडतो, आडोशाचा फायदा आटतो आणि ज्याच्या पायांत दम आहे तो एकटा वर निघतो. म्हणून तर तिथे ‘घाटाचा राजा’ हा वेगळा किताब असतो. टेलरच्या वाट्याला घाट नव्हता. त्याचं सगळं आयुष्य सपाट, गोल ट्रॅकवर गेलं, जिथे आडोशावाचून पान हलत नाही. आणि तिथे त्याला आडोसा द्यायला कुणी तयार नव्हतं.

टेलरचा जन्म २६ नोव्हेंबर १८७८ रोजी अमेरिकेतल्या इंडियानापोलिस शहरात झाला. वडील गिल्बर्ट एका श्रीमंत गोऱ्या कुटुंबाकडे घोडागाडी हाकायचे. त्या घरातल्या मुलाशी मार्शलची गट्टी जमली आणि तो बराच काळ त्या घरातच सवंगडी म्हणून वाढला. तिथेच त्याला पहिली सायकल मिळाली. पुढे ते कुटुंब शिकागोला गेलं आणि मार्शल आईवडिलांकडे परतला. सायकल मात्र त्याच्याजवळ राहिली. तिच्यावरून तो वर्तमानपत्रं टाकायचा आणि फावल्या वेळात कसरती शिकायचा. १८९२च्या सुमाराला शहरातल्या एका सायकलच्या दुकानाने त्याला कामावर ठेवलं. साफसफाई करायची आणि गिऱ्हाईक जमावं म्हणून दुकानासमोर सैनिकाचा गणवेश घालून सायकलवर कसरती करायच्या. त्या गणवेशावरून लोक त्याला ‘मेजर’ म्हणू लागले आणि ते नाव जन्मभर चिकटलं.

सायकल तेव्हा नुकती माणसाळली होती. आधीच्या, पुढे प्रचंड मोठं आणि मागे चिमुकलं चाक असलेल्या सायकलवरून पडलं की डोकंच फुटायचं. १८८५ साली दोन सारख्या चाकांची, चेनवर चालणारी ‘सेफ्टी’ सायकल इंग्लंडमध्ये आली आणि १८८८ साली डनलॉपने हवा भरलेलं टायर आणलं. पुढच्या दहा वर्षांत अमेरिकेत आणि युरोपात सायकलचं वेडच पसरलं. मोटारी अजून दुर्मिळ होत्या, विमानं उडायची होती. माणसाने बनवलेल्या वेगवान वाहनांत आगगाडीनंतर या शर्यतीच्या सायकलीच होत्या. ट्रॅक लाकडाचे किंवा सिमेंटचे असत आणि वळणावर वाडग्याच्या कडेसारखे चढत जात. सायकलींना ब्रेक नसत, फ्रीव्हीलही नसे. मागचं चाक फिरतंय तोवर पायडल फिरतच राहणार. इतक्या जवळजवळ चालवताना कुणी कोपर मारलं, तर सावरायला जागाच नाही.

टेलरला खरा आधार दिला लुई मंगर याने. मंगर स्वतः जुना शर्यतपटू होता आणि आता सायकली बनवत होता. त्याने या मुलाला कामावर घेतलं आणि शर्यतीचं तंत्र शिकवलं. इंडियानापोलिसमधल्या व्यायामशाळेने टेलरला रंगामुळे दार बंद केलं होतं. १८९५ साली मंगर मॅसॅच्युसेट्समधल्या वुस्टर शहरात गेला तेव्हा टेलरही गेला आणि तिथल्या व्यायामशाळेने त्याला प्रवेश दिला. वुस्टर पुढे त्याचं गावच झालं. १८९६च्या उन्हाळ्यात तो जन्मगावी आला आणि दोन शर्यतींच्या मधल्या वेळात त्याने तिथल्या ट्रॅकवर मैलाचा विक्रम मोडला. विक्रम अधिकृत धरला गेला नाही. उलट त्या ट्रॅकवर त्याला पुन्हा येऊ देणं बंद झालं.

नियमांचीही एक गुंतागुंत होती. तिथल्या सायकलस्वारांची मोठी संघटना होती ‘लीग ऑफ अमेरिकन व्हीलमेन’. फेब्रुवारी १८९४मध्ये लुइव्हिल इथल्या अधिवेशनात तिने सदस्यत्व फक्त गोऱ्यांना देण्याचा ठराव १२७ विरुद्ध ५४ मतांनी मंजूर केला. पण सदस्य होणं वेगळं आणि शर्यतीत उतरणं वेगळं. व्यावसायिक शर्यतीत भाग घ्यायला सदस्यत्वाची सक्ती नव्हती, म्हणून टेलरला आत शिरायला फट सापडली. मात्र राष्ट्रीय अजिंक्यपद ठरायचं ते हंगामभर देशात ठिकठिकाणी होणाऱ्या शर्यतींच्या गुणांवर. दक्षिणेतल्या राज्यांत शर्यती भरवणारे त्याची नोंदणीच घेत नसत. त्याचे तिथले गुण शून्य, प्रतिस्पर्ध्यांचे चढते. १८९७च्या हंगामात अजिंक्यपद असं त्याच्या हातून गेलं. ट्रॅकवर त्याला कुणी हरवावंही लागलं नाही.

व्यावसायिक म्हणून तो पहिल्यांदा उतरला डिसेंबर १८९६मध्ये न्यू यॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये. वय अठरा. अर्ध्या मैलाच्या शर्यतीत त्याने एडी बॉल्ड या तेव्हाच्या नामांकित स्प्रिंटरला मागे टाकलं आणि लगोलग तो सहा दिवसांच्या शर्यतीत उतरला. हा प्रकार आज विचित्र वाटतो. सोमवारी पहाटे सुरू करायचं आणि शनिवारी रात्रीपर्यंत गोल गोल फिरत राहायचं. जो जास्त अंतर कापेल तो विजेता. सहाच दिवस का? कारण रविवारी खेळ चालत नसत. झोपायचं केव्हा हे ज्याने त्याने ठरवायचं, पण झोपलात की दुसरा पुढे गेला. टेलरने १४२ तासांत १,७३२ मैल, म्हणजे सुमारे २,७८७ किलोमीटर कापले आणि तो आठवा आला. जिंकणाऱ्या टेडी हेलने १,९१० मैल कापले होते. शेवटी शेवटी टेलरला भास होऊ लागले. कुणी माणूस सुरा घेऊन ट्रॅकवर आपल्या पाठी लागला आहे, असं तो म्हणाल्याचं तेव्हा छापून आलं होतं. हे हाल पाहून १८९८ साली न्यू यॉर्क राज्याने एका माणसाने दिवसात बारा तासांहून जास्त शर्यत करू नये असा कायदा केला. मग आयोजकांनी दोघांची जोडी उतरवायची पद्धत काढली. ऑलिंपिकमध्ये ट्रॅकवर ‘मॅडिसन’ नावाची जोडीची शर्यत दिसते, तिचं नाव याच इमारतीवरून पडलं. टेलरने मात्र असल्या शर्यतींकडे पाठ फिरवली. त्याचं बळ होतं शेवटच्या झेपेत.

ही झेप म्हणजे स्प्रिंट. एका मैलाच्या स्प्रिंटमध्ये सुरुवातीच्या फेऱ्या जवळजवळ रेंगाळत जातात, कारण पुढे जाऊन वारा खायला कुणीच तयार नसतं. सगळे एकमेकांकडे बघत योग्य आडोसा शोधत असतात. शेवटच्या दोनशे-अडीचशे मीटरवर कुणीतरी उसळतो आणि मग सगळा खेळ दहा-पंधरा सेकंदांचा.

आता त्यात सात-आठ गोरे आणि एक टेलर अशी शर्यत डोळ्यांसमोर आणा. गोऱ्या खेळाडूंनी आधीच आपसात ठरवलेलं असे. एक जण टेलरच्या पुढे राहून वेग पाडायचा, दुसरा बाहेरच्या अंगाने त्याला चिकटून राहायचा, तिसरा मागे. आतल्या बाजूला ट्रॅकची कड. टेलरची कोंडी झाली की चौथा मोकळा सुटून शर्यत जिंकायचा. बक्षिसाची रक्कम नंतर वाटून घेतली जायची. यात नियम मोडल्याचं सिद्ध करणं फार अवघड, कारण वरवर पाहता प्रत्येक जण फक्त आपली सायकल चालवत असतो. कबड्डीत चढाईला गेलेला खेळाडूही सात जणांत एकटा असतो, पण अर्ध्या मिनिटात त्याला आपल्या माणसांत परतता येतं. टेलरच्या रेषेपलीकडे त्याचं म्हणावं असं कुणीच नव्हतं. मला वाटतं, या खेळातल्या वर्णभेदाचं सगळ्यांत परिणामकारक हत्यार हीच कोंडी होती, लिखित ठरावापेक्षाही जास्त. ठरावाला निदान विरोधी ५४ मतं पडली होती.

कोंडी फसली की हात उगारले जात. २३ सप्टेंबर १८९७ रोजी मॅसॅच्युसेट्समधल्या टॉन्टन गावी मैलाची शर्यत संपल्यावर विल्यम बेकर या खेळाडूने टेलरला सायकलवरून खाली ओढलं आणि तो बेशुद्ध पडेपर्यंत त्याचा गळा आवळला. पोलीस मध्ये पडले म्हणून तो वाचला. बेकरला शिक्षा काय, तर ५० डॉलर दंड. प्रवासाची गतही तीच होती. दिवसभर हजारो लोक ज्याच्या नावाने ओरडले त्याला रात्री गावात हॉटेल मिळत नसे, जेवण मिळत नसे. उपाशी, अर्धवट झोपेने तो दुसऱ्या दिवशी ट्रॅकवर उभा राहायचा.

मग तो जिंकायचा कसा? एक उत्तर त्याच्या सायकलवरच होतं. हँडल पुढे आणि खाली नेता येईल अशी लांब दांडी त्याने वापरायला घेतली. ती पुढे त्याच्याच नावाने ओळखली जाऊ लागली. पाठ आडवी करून वाकलं की वाऱ्याला अंग कमी मिळतं. कुणी आडोसा देत नसेल तर वाऱ्यापुढे आपणच लहान व्हायचं, असा त्याचा अर्थ मी तरी लावतो. दुसरं उत्तर होतं त्याची नजर. दोन सायकलींमध्ये जेमतेम एक सायकल शिरेल एवढी फट दिसली की तो त्यातून पार व्हायचा. तिसरं म्हणजे कधी कधी तो सगळं शास्त्र बाजूला ठेवून लांबूनच सुटायचा, सगळा वारा स्वतः अंगावर घ्यायचा आणि तरी पुढे राहायचा. हे शेवटचं करायला पाय किती मजबूत लागतात, ते आधीचा आठपटीचा हिशेब आठवला की कळतं.

१० ऑगस्ट १८९९ रोजी माँट्रियलच्या क्वीन्स पार्क ट्रॅकवर तो एका मैलाच्या स्प्रिंटमध्ये जगज्जेता झाला. अमेरिकेचा टॉम बटलर दुसरा आला. राष्ट्रगीत वाजलं तेव्हा आपल्याला पहिल्यांदा अमेरिकन असल्याचा अभिमान वाटला, अशा अर्थाचं टेलरने पुढे लिहून ठेवलं आहे. त्याच काळात त्याने घड्याळाविरुद्धही विक्रमांची रांग लावली. विक्रमासाठी पुढे एखादं यंत्र किंवा अनेकांनी मिळून चालवायची लांबलचक सायकल धावायची आणि तिच्या आडोशाने विक्रमवीर सुटायचा. नोव्हेंबर १८९९मध्ये शिकागोत त्याने वाफेवर चालणाऱ्या यंत्राच्या मागे एक मैल १ मिनिट १९ सेकंदांत कापला. हा वेग ताशी ७३ किलोमीटरचा होतो. ट्रॅकवरचे प्रतिस्पर्धी देत नसलेला आडोसा त्याला यंत्राने दिला. १९०० साली तो अमेरिकेचा स्प्रिंट विजेताही झाला.

त्याच्या कारकिर्दीतला माझा आवडता भाग पॅरिसचा आहे. युरोपातल्या आयोजकांनी त्याला आधीही बोलावलं होतं, पण फ्रान्समधल्या मोठ्या शर्यती रविवारी व्हायच्या आणि टेलर रविवारी सायकल चालवायचा नाही. तो कट्टर बाप्टिस्ट पंथाचा ख्रिस्ती होता. आईच्या श्रद्धेचा त्याच्यावर खोल संस्कार होता आणि १८९८ साली ती गेल्यावर तो पक्का झाला. रविवारच्या शर्यती सोडल्यामुळे त्याने अमेरिकेतही गुण गमावले होते. शेवटी १९०१ साली फ्रेंच आयोजक नमले आणि रविवार वगळून करार झाला.

तिथे त्याची गाठ पडली फ्रान्सच्या एडमंड जॅकलिनशी. १९००चा जगज्जेता जॅकलिन पॅरिसचा लाडका होता. या शर्यती एकास एक होत्या. ट्रॅकवर दोघेच, म्हणजे कोंडी नाही, आधी ठरवलेला कट नाही. टेलरची कारकीर्द बघताना हा फरक ध्यानात ठेवायला हवा. एकास एक शर्यतीत रंग वाऱ्याच्या आड येऊ शकत नव्हता. १६ मे रोजी पॅरिसच्या पार्क दे प्रॅन्स ट्रॅकवर पहिली लढत झाली. गारठा होता, टेलरला थंडी सोसत नसे आणि तो सलग दोन फेऱ्या, म्हणजे दोन स्वतंत्र शर्यती, हरला. जॅकलिनने त्याच्याकडे बघून अंगठा नाकाला लावून वेडावून दाखवलं. २७ मे रोजी ऊन होतं. टेलरने पहिली फेरी जिंकली. दुसरी सुरू होण्याआधी दोघे सायकलवर बसलेले असताना त्याने जॅकलिनपुढे हात केला. ही शेवटचीच फेरी आहे, असं त्यातून त्याला सुचवायचं होतं, आणि ते त्याने स्वतःच लिहून ठेवलं आहे. गोंधळलेल्या जॅकलिनने हात मिळवला. टेलर तीही फेरी जिंकला आणि कमरेला अमेरिकेचा झेंडा गुंडाळून त्याने ट्रॅकला चक्कर मारली. त्या ट्रॅकचा व्यवस्थापक होता हेन्री देग्रांज, ज्याने दोनच वर्षांनी टूर दे फ्रान्स सुरू केली.

१९०२च्या मार्चमध्ये टेलरने डेझी मॉरिसशी लग्न केलं आणि वर्षाच्या शेवटी तो ऑस्ट्रेलियाला गेला. तिथे नुकताच गोऱ्यांखेरीज इतरांना देशाबाहेर ठेवण्यासाठी कायदा झाला होता, तरी सिडनीत त्याच्या स्वागताला लोक लोटले. पहिला दौरा गोडीचा झाला. दुसऱ्या दौऱ्यात अमेरिकेहून फ्लॉइड मॅकफार्लंड आणि आयव्हर लॉसन हे गोरे सायकलपटू आले, आणि त्यांच्याबरोबर कोंडीही आली. ऑस्ट्रेलियात ‘हँडिकॅप’ शर्यती लोकप्रिय होत्या. त्यांत कमी ताकदीच्या खेळाडूंना पुढून सोडतात आणि सर्वांत बलवान सगळ्यात मागे उभे राहतात. मागच्यांनी आळीपाळीने वारा अंगावर घेतला तरच पुढचे सापडतात. टेलरबरोबर कुणी पाळी वाटून घेईना, तर त्याने एकट्याने किती वारा तोडावा? १९०४च्या सुरुवातीला मेलबर्नला लॉसनशी झालेल्या टकरीत तो वाईट आपटला आणि लॉसनवर बंदीची कारवाई झाली. त्याच वर्षी ११ मे रोजी सिडनीत त्याला मुलगी झाली. तिचं नाव ठेवलं रीटा सिडनी.

तो घरी परतला तो मनाने आणि शरीराने थकून. दोन-अडीच वर्षं त्याने शर्यतच केली नाही. १९०७ साली तो पुन्हा युरोपात गेला, काही लढती जिंकल्या, पण ती झेप आता रोज सापडत नव्हती. पैशाची गरज एवढी वाढली की रविवारीही शर्यतीत उतरावं लागलं. याचं त्याला किती वाईट वाटलं असेल याची कल्पना मी करू शकतो. १९१० साली, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी तो थांबला.

पुढचं सगळं भराभर घसरत गेलं. धंद्यात घातलेला पैसा बुडाला, वुस्टरचं घर विकावं लागलं, डेझीशी ताटातूट झाली. १९२८ साली त्याने स्वतःच्या खर्चाने आत्मचरित्र छापलं आणि ते विकत तो दारोदार फिरला. २१ जून १९३२ रोजी शिकागोच्या कुक काउंटी इस्पितळाच्या धर्मादाय वॉर्डात तो वारला. न्यायला कुणी आलं नाही, म्हणून माउंट ग्लेनवुड दफनभूमीत त्याला बिननावाच्या खड्ड्यात पुरलं.

सोळा वर्षांनी, १९४८ साली, काही निवृत्त व्यावसायिक सायकलपटूंनी ती जागा शोधून काढली. सायकल कारखानदार फ्रँक श्विन याने पैसे दिले, टेलरचे अवशेष त्याच दफनभूमीत चांगल्या जागी हलवले गेले आणि वर त्याच्या नावाची काशाची पाटी बसली. ज्या इंडियानापोलिसमधल्या ट्रॅकवर त्याला पाय ठेवू देत नव्हते, त्याच शहरात १९८२ साली त्याच्या नावाने नवा ट्रॅक बांधला गेला. आणि १८९४चा तो ठराव त्या संघटनेच्या वारस संस्थेने औपचारिकरीत्या नाकारला, १९९९ साली.